विलायतच्या पिक्चरमधली गुलशन

सोलापुरात विजापूर वेशीच्या मागं जी गल्ली आहे, तिथं तान्ह्या लेकराचा फोटो सव्वा वर्षाच्या आत काढत नाहीत. घर हिंदूचं असो, मुसलमानाचं असो, या बाबतीत गल्लीतल्या सगळ्या सासवा एका पक्षाच्या. फोटोनं नजर लागते, लेकरू वाळतं, आणि त्यापुढचं तर तोंडातून काढायचंही नाही. हल्लीच्या सुना दार लोटून घेऊन मोबाइलवर हवे तेवढे फोटो काढतात आणि माहेरी पाठवून देतात, तो भाग वेगळा. पण इफ्राला तशी चोरी कधी करावी लागली नाही. तिची सासू जमीला स्वतःच नातीला, आयतला, उचलून दाराशी उजेडात आणायची आणि म्हणायची, "निकाल बेटा. रोज निकाल. चेहरा साफ आने दे."

शेजारच्या बायका कुजबुजायच्या. विलायतेत राहून आलेली बाई, तिला कसली नजर आणि कसलं काय! बायकांना काय, तोंड हलवायला विषय लागतो. खरं सांगायचं तर जमीलाएवढी नजरेला भिणारी बाई त्या गल्लीत दुसरी झाली नसेल. भिऊन काय पदरात पडतं ते तिनं बघितलं आणि मग भ्यायचं सोडलं, एवढंच.

गल्ली तिला लंडनवाली म्हणते. लंडन तिनं विमानतळापुरतं पाहिलेलं. राहिली ती लेस्टर नावाच्या गावात, पण सोलापूरकराला लेस्टर सांगत बसण्यात काय हशील! इथं विलायत म्हणजे लंडन, संपलं. लग्नाआधी ती पारूबाईबरोबर विड्या वळायची. पारूबाई पलीकडच्या बौद्धवाड्यातली. दोघींची सुपं शेजारी, आणि तोंडं दिवसभर चालू. मग जमीलाचं लग्न रहिमतुल्लाशी झालं. रहिमतुल्लाच्या घरात बापजाद्यांपासून सगळे गिरणीत. गिरण्यांना घरघर लागली तेव्हा त्याच्या मामानं त्याला लेस्टरला बोलावून घेतलं, तिथल्या मोज्यांच्या कारखान्यात. तिथल्या कारखान्यांनाही तेव्हा घरघरच लागलेली होती. ते मात्र मामानं सांगितलं नाही.

जमीलाही त्याच कारखान्यात लागली. मोज्यांची पुढची टोकं शिवायची. थंडीनं बोटं आखडायची, भाषा कळायची नाही, आणि घराची आठवण आली की डोळे आपोआप वाहायचे. गंमत बघा, तिच्या पिक्चरच्या धंद्याची सुरुवात त्या रडण्यातूनच झाली. आपल्या लोकांचं तिथं एक सभागृह होतं, लग्नंबिग्नं व्हायची. एके दिवशी तिथं डोरोथी नावाची एक उंच, केस कापलेली गोरी बाई आली. टीव्हीसाठी पिक्चर बनवायची. तिला हिंदुस्थानी बायका हव्या होत्या, पण नटीसारख्या दिसणाऱ्या नकोत. तिनं दुभाष्याकरवी एकेकीला विचारलं, तुमचं घर कुठं? बाकीच्यांनी गावांची नावं सांगितली. जमीला "सोलापूर" म्हणाली आणि रडायला लागली. झालं काम.

पहिल्या पिक्चरमध्ये ती इस्पितळाच्या बाकावर बसून रडली. दुसऱ्यात दुकानाच्या गल्ल्यावर उभी राहिली, आणि गिऱ्हाइकाला "आणखी काही?" एवढं इंग्रजीत विचारायचं होतं. ते तिनं अशा सोलापुरी हेलात विचारलं की सगळे हसले, पण डोरोथी म्हणाली, राहू दे, असंच राहू दे. रहिमतुल्ला तर हवेतच. कारखान्यात तो प्रत्येकाला गाठून सांगायचा की माझी बायको पडद्यावर आहे. सोलापुरात कळवलं असतं तर सासऱ्यांनी दोघांचीही चामडी लोळवली असती, म्हणून इकडं कळू दिलं नाही.

मग गुलशन झाली. पहिलीच मुलगी, गोरीपान, डोक्यावर दाट जावळ. सोलापूरहून जमीलाच्या आईचा टेलिफोन आला. त्या काळी बूथवर तासभर ताटकळल्यावर कुठं लाइन लागायची, आणि ती लागल्यावर म्हातारीनं ख्यालीखुशालीसुद्धा विचारली नाही. एकच गोष्ट बजावली: सव्वा वर्ष होईपर्यंत पोरीचा फोटो काढू नका. परक्या मुलखात नजर उतरवायला कोण आहे तुम्हाला?

जमीलानं आईचं ऐकलं. रहिमतुल्ला कॅमेरा उसना आणायला निघाला तर तिनं अन्न सोडायची धमकी दिली. उन्हाळ्यात सोलापूरला यायचं ठरलं होतं, तेव्हा पोरीच्या पासपोर्टला फोटो लागणार होता. त्यालासुद्धा ती म्हणाली, अगदी शेवटच्या दिवशी काढू.

आणि अशात डोरोथीचा निरोप आला. नवा पिक्चर, आणि या वेळी जमीला त्यात मुख्य. नवऱ्याला सरकार मायदेशी हाकलून देतं आणि बायको तान्ह्या मुलीला घेऊन मागं राहते, अशी गोष्ट. मुलगी म्हणून जमीलाची स्वतःची मुलगीच हवी. जमीलाला आईचं बजावणं आठवलं. रहिमतुल्ला मात्र तिला न विचारता हो म्हणून मोकळा झाला. पुरुषाची जात. त्याला वाटलं, फोटो नको तर नको, हा तर पिक्चर आहे.

तिथली एक रीत होती. तान्ह्या मुलाला त्या झगझगीत दिव्यांसमोर फार वेळ ठेवू देत नाहीत. कायदाच तसा. म्हणून साधारण एका वयाची, एका रंगाची दोन लेकरं आणायची आणि आलटून पालटून घ्यायची. बघणाऱ्याला कळत नाही. दुसरी मुलगी मनजीत नावाच्या पंजाबी बाईची होती, गोल चेहऱ्याची, हसरी. ही रीत कळली तेव्हा जमीलाच्या जिवात जीव आला.

आणि मग तिनं ते केलं. कॅमेरा लांब असला की गुलशनला मांडीवर घ्यायची. कॅमेरा चेहऱ्याजवळ यायला लागला की म्हणायची, ही आता झोपलीय. ही आता भुकेली आहे. हिनं आता ओकलंय. लगेच मनजीतची मुलगी मांडीवर यायची. मनजीतला वाटायचं, बाई किती मोठ्या मनाची, माझ्या लेकीला पुढं करते. जमीला मनात म्हणायची, लागू दे नजर, दुसरीला लागू दे. हे तिनं पुढं फक्त एकाच माणसाला सांगितलं, पारूबाईला, आणि सांगताना तिचे दात वाजत होते.

फक्त शेवटच्या दिवशी इलाज चालला नाही. रेल्वेच्या फलाटावरचा प्रसंग होता. मनजीतच्या मुलीला ताप आला म्हणून ती आलीच नाही. फलाटावर बोचरा वारा, गुलशन छातीशी, कॅमेरा हातभर अंतरावर. जमीलानं खाली पोरीकडं बघायचं, खूप वेळ बघायचं, एवढंच काम होतं. ते तिनं केलं.

गुलशनला नजर लागली नाही. तिला ताप आला. मेंदूत चढला, डॉक्टरांनी काय काय केलं, आणि दोन रात्रींत खेळ आटोपला. बर्फ पडत असताना रहिमतुल्लानं तिला लेस्टरच्या कबरस्तानात पुरलं. पासपोर्टचा फोटो काढायचा राहूनच गेला.

पिक्चर टीव्हीवर लागला तो त्यानंतर. सगळं लेस्टर बघत होतं, तेव्हा जमीलानं घरातल्या टीव्हीची वायर भिंतीतून उपटून काढली. दुसऱ्या दिवशी कारखान्यातल्या बायका गळ्यात पडल्या. किती गोड हसत होती गं तुझी लेक! जमीलाला कळलं त्या कोणाविषयी बोलताहेत. डोरोथी पुढच्या कामासाठी घरी आली, तिला जमीलानं नाही म्हणून सांगितलं. वर्ष उलटायच्या आत नवरा-बायको सोलापुरात परत आले. तीन पिक्चर, आणि संपलं. सिनेमाची नटी होऊन परत आलेली जमीला पारूबाईच्या शेजारी सूप घेऊन बसली आणि तंबाखू भरायला लागली.

पुढं शाकीर झाला, वाढला, टायरचं दुकान काढलं, इफ्रा सून म्हणून आली. रहिमतुल्ला मात्र मरेपर्यंत एकच टुमणं लावायचा. तो पिक्चर कुठंतरी असेल, डब्यात जपून ठेवला असेल, त्यात माझी गुलशन आहे. वडील वारल्यावर तर तो पाहुण्यांनाही सांगायचा, शाकीरला सांगायचा. "तेरी बहन है उसमें. गोल चेहरा, हँसती थी." जमीला भिंतीकडं तोंड करून भाकरी थापत राहायची. गुलशनचा चेहरा गोल नव्हता. कारखान्यातल्या लोकांनी त्याला जे सांगितलं तेच त्याला आठवायला लागलं होतं. त्याला खरं सांगावं असं तिला शंभरदा वाटलं आणि शंभरदा तिनं ते गिळलं.

कारण तिची स्वतःची गत त्याहून वाईट होती. तिला चेहरा आठवतच नव्हता. जावळ आठवायचं, मुठी आठवायच्या, दुधाचा वास आठवायचा. चेहऱ्याच्या जागी आधी शाकीरचा चेहरा आला, आणि आयत जन्मल्यावर आयतचा. आपल्या पोटच्या पोरीचा चेहरा विसरलेली आई म्हणजे काय असते, हे कोणाला सांगायचं? त्यात साखरेनं उजवा डोळा गेला. डाव्यात पडदा धरत होता. डॉक्टर म्हणाले, इंजेक्शनं देऊ, पण खात्री देत नाही. जमीलानं डॉक्टरांना विचारलं नाही की अजून किती दिवस दिसेल. घरी येऊन पारूबाईला म्हणाली, "पारू, एकदा तो फलाट बगायला मिळाला पायजे. बाकी कायबी नको. तितं तीच हाय, दुसरी न्हाय. एकदा बगते आन मग डोळं गेलं तरी जाऊ देत."

"आगं, पर कुटं शोधायचा?" पारूबाई म्हणाली. "विलायतचा पिक्चर म्हंजे काय मंगळवार बाजार हाय व्हय?"

शोधलं इफ्रानं. उर्दू शाळेत शिकवते, मोबाइलवर बोटं भराभर चालतात. घरात आयत कोणावर गेली याचा रोजचा वाद चालायचा. शाकीर म्हणाला, अब्बा म्हणायचे तशी, गुलशनवर गेली असेल. इफ्रानं मनावर घेतलं. सासूकडून डोरोथीचं नाव काढून घेतलं, गावाचं नाव घेतलं, आणि पंधरवडाभर शोधत राहिली. आधी एका पानावर जमीलाचं नाव सापडलं. खाली तीन पिक्चर, आणि त्याखाली इंग्रजीत एक ओळ: या अभिनेत्रीविषयी अधिक माहिती उपलब्ध नाही. इफ्रानं वाचून दाखवलं तेव्हा जमीला हसली, "अच्छा है, किसीकू मालूम नै." मग एका शुक्रवारी शाळेतून आली ती चप्पल न काढताच घरात घुसली. "अम्मी, मिल्या! पूरा पिक्चर मिल्या! किसीने डाल्या है!"

जमीलाच्या हातातलं ताट खाली पडलं.

जुम्म्याची नमाज झाली, जेवणं झाली. शाकीर दुकान बंद करून आला. पारूबाईला बोलावणं गेलं, ती नऊवारीचा घोळ सावरत येऊन जमीलाला चिकटून बसली. इफ्रानं मोबाइल टीव्हीला जोडला. जमीलाला खुर्ची पडद्याच्या अगदी जवळ, डाव्या डोळ्याच्या बाजूनं लावून दिली.

पडदा उजळला आणि तिथं चोविशीची जमीला उभी राहिली. आई तरुण असते हे पोरांना ऐकून माहीत असतं, बघायला कधी मिळत नाही. "माय गं," पारूबाई म्हणाली, "किती बारीक हुतीस की!" जमीलाचं तिकडं लक्षच नव्हतं. ती मांडीवरचं लेकरू बघत होती.

कॅमेरा जवळ गेला. गोल चेहऱ्याची, हसरी मुलगी. तिनं सगळा पडदा व्यापला.

शाकीर उठून उभा राहिला. पस्तिशीला आलेला बाप्या, टायर उचलून उचलून हात दगडाचे झालेले, आणि लहान पोरासारखा पडद्यापाशी गेला. "अम्मी... अब्बा बोलते थे वैसीच है. गोल चेहरा. नाक देखो, अब्बा की नाक है." त्यानं पडद्यावर हात ठेवला. "गुलशन," तो म्हणाला. जन्मात न पाहिलेल्या बहिणीला त्यानं नावानं हाक मारली.

पारूबाईनं जमीलाचा हात घट्ट धरला. शाकीर वळून तिच्याकडं बघत होता, काहीतरी ऐकायची वाट बघत होता.

"हौ," जमीला म्हणाली. "वहीच."

पिक्चर पुढं चालला. तीच मुलगी रडली, हसली, झोपली, आणि दर वेळी शाकीरनं डोळे पुसले. इफ्रानं मधेच थांबवून तिच्या चेहऱ्याचा फोटो काढून घेतला, मोठा करून फ्रेम करू म्हणाली. जमीलानं मान डोलावली. तिचा जीव फलाटावर अडकला होता. बाकीचं सगळं या लोकांना राहू दे, तिला तेवढं मिळालं की पुरे होतं.

फलाट आला. गाडी निघून गेलेली, वाऱ्यानं कागद उडताहेत, आणि मधोमध जमीला उभी. छातीशी कापडात गुंडाळलेलं लेकरू. जमीलानं डावा डोळा पुसला, खुर्चीतून पुढं झुकली. कॅमेरा जवळ आला, आणखी जवळ आला. कापडाच्या कडेतून जावळ दिसलं. काळं, दाट, वाऱ्यावर हलणारं. हेच ते. हीच. आता चेहरा.

पडद्यावरच्या जमीलाचा हात वर आला. बोटांनी पदर धरला आणि अगदी सहज, कोणाला काही वाटू नये असा, लेकराच्या तोंडावर ओढून घेतला. कॅमेऱ्याला दिसलं ते हिरवं कापड. मग पडद्यावरच्या जमीलानं तो पदर आपल्या बाजूनं जरासा उचलला, मान खाली घातली आणि आत बघत राहिली. खूप वेळ बघत राहिली, सांगितलं होतं तशी. तिला दिसत होतं. तिच्या चेहऱ्यावरून कळत होतं की आत पोरगी जागी आहे, बहुतेक हसतेही आहे. मग अंधार झाला आणि इंग्रजी नावं सरकायला लागली.

एवढी वर्षं जमीलाला तो दिवस आठवत होता. वारा आठवत होता, पोरीचं वजन आठवत होतं. हात पदराकडं गेला होता, हे तिला आठवतच नव्हतं.

इफ्रा पिक्चरखाली लोकांनी लिहिलेलं वाचायला लागली. विलायतेतल्या कोणीतरी लिहिलं होतं की शेवटी ही आई लेकराला वाऱ्यापासून जपते, तो क्षण पाहून आजही काळीज हलतं. असा अभिनय शिकवून येत नाही. ही बाई पुढं कुठं दिसली नाही. "सुनो अम्मी, कितनी तारीफ है!" शाकीर म्हणाला. तो खूश होता. फ्रेमवाल्याकडं तो मोबाइल घेऊन लगेचच निघाला असता, पण इफ्रानं अडवलं, चेहरा आधी साफ करून देते म्हणाली. तो नुसताच दुकान उघडायला गेला.

इफ्रा आयतला आंघोळ घालायला मोरीत गेल्यावर पारूबाई हळूच म्हणाली, "जमीला, पोराला खरं सांग की. दुसऱ्याची लेक भिताडावर लावतंय त्ये."

"त्याला आज बहीण मिळाली, पारू. ती काढून घेऊ?"

"आन तुला?"

जमीलानं खुर्ची पडद्यापासून मागं ओढली. पारूबाईनं डोळ्याला पदर लावला, आणि दिवे लागायच्या आत जाते म्हणून उठली.

मोरीतून पाण्याचा आणि आयतच्या खिदळण्याचा आवाज येत होता. जमीलानं सुनेला हाक मारून विचारलं, मोबाइलवर तो फलाट परत कसा लावायचा? इफ्रा ओल्या हातांनी आली, लावून दिला आणि परत आत गेली. जमीलानं मोबाइल डोळ्याला टेकेल इतका जवळ धरला. कागद उडाले, जावळ हललं, हात वर आला, पदर ओढला गेला. तिनं घाईघाईनं बोट पुढं केलं आणि पदर बाजूला सारायला गेली.

बोट लागलं तसा पिक्चर थांबला. तिनं इफ्राला पुन्हा हाक मारली. इफ्रानं आतूनच सांगितलं, "अम्मी, हात नक्को लगाओ, हात लगाए तो रुकता है." जमीला "हौ" म्हणाली. इफ्रा आयतला टॉवेलात गुंडाळून बाहेर आली तेव्हाही तिचं बोट त्या हिरव्या कापडावरच होतं.